रेडिओवरची मिंगा

सुनिल्दा : रेडिओवर? अरे, रेडिओवर?

एलिएसेर : आई, आधी ती पिशवी खाली ठेव. बोटीतून उतरल्यापासून तू तेवढंच म्हणते आहेस.

सुनिल्दा : आठ दिवस बहिणीच्या बेटावर काय गेले, तू इथे माझी शोभा करून ठेवलीस! काय सांगितलंस त्या रेडिओवर? शब्द न् शब्द सांग.

एलिएसेर : दुपारच्या निरोपांत दिलं गं. अमक्याची गाय सापडली, तमकीला मुलगी झाली, असं वाचतात ना, त्यात. "सुनिल्दा बार्रिया यांचं घर कड्यावरून आत ओढून न्यायचं आहे. येत्या शनिवारी मिंगा. सर्वांनी बैल घेऊन यावं. जेवणाची सोय आहे." तीन दिवस लागोपाठ वाचलं. वाचणाऱ्या बाईचा आवाजसुद्धा गोड होता.

सुनिल्दा : जेवणाची सोय आहे! खाणावळ काढलीय का मी?

एलिएसेर : अख्खं बेट ऐकतं तो कार्यक्रम.

सुनिल्दा : ऐकतं म्हणूनच तर डोकं धरून बसलेय! बरं, किती जण येतो म्हणाले?

एलिएसेर : तसं अजून कुणी नाही. रविवारी मी मुद्दाम चर्चच्या दारात उभा राहिलो, लोकांना विचारायला सोपं जावं म्हणून. सगळे आभाळाकडे बघत निघून गेले. एक म्हातारा तेवढा थांबला. म्हणाला, "रेडिओ बरा चालतो ना तुमचा?" मी म्हटलं, हो, उत्तम. म्हणाला, "मग त्यालाच जुंपा."

सुनिल्दा : एक पाय ओढत चालत होता का?

एलिएसेर : हो.

सुनिल्दा : नोल्बेर्तो. बरं बोलला. मी असते तर याहून वाईट बोलले असते.

एलिएसेर : तू हसते आहेस.

सुनिल्दा : हसत नाहीये. खोकला आहे तो. कडा बघितलास का आज?

एलिएसेर : सकाळीच बघितला. कुंपणाचे आणखी तीन खांब खाली गेलेत. तू गेलीस तेव्हा स्वयंपाकघराच्या भिंतीपासून वीस पावलं होती, आता अकरा आहेत. आणि मार्चची मोठी भरती तीन आठवड्यांवर आली.

सुनिल्दा : म्हणजे तीन आठवड्यांत घर हललं नाही, तर माझ्या चुलीवर मासे पोहणार. आणि हलवणार कोण? माणसं. आणि माणसांना तू काय केलंस? हरवलेल्या गाईच्या रांगेत बसवलंस! माणसाला बोलवायचं तर त्याच्या दारात जातात रे. मिंगा म्हणजे काय, हे तुला माहीतच नाही.

एलिएसेर : मला माहीत नाही? अगं, त्या शब्दानं अर्जेंटिनात माझी काय फजिती केली, ते तुला कधी सांगितलंच नाही. गेल्या गेल्या, पहिल्याच महिन्यात, मेंढ्या कातरायच्या शेडचं छप्पर वाऱ्यानं उडालं. मी मुकादमाला म्हटलं, चला, मिंगा करू. तो म्हणाला, "मिंगा!" मला वाटलं, काय भला माणूस आहे, एका शब्दात पटलं. मी आपला शिडी, हातोडा, खिळे घेऊन हजर. बघतो तर दुसरं कुणीच नाही. सगळे बराकीत पत्ते कुटतायत.

सुनिल्दा : का?

एलिएसेर : तिकडे मिंगा म्हणजे "छट्! काही मिळायचं नाही, जा उडत!" इटलीहून आलेल्या लोकांनी आणलेला निराळाच शब्द आहे तो. आणि म्हणताना हाताची एक खूणही करतात.

सुनिल्दा : कसली?

एलिएसेर : ती तुला नाही दाखवणार.

सुनिल्दा : मग छप्पर?

एलिएसेर : एकट्यानं बसवलं. आठ दिवस लागले. तेव्हापासून माझं नावच मिंगा पडलं. बावीस वर्षं त्या लोकांना रांधून घालतोय, पण एलिएसेर कुणी म्हणत नाही. "ए मिंगा, रस्सा वाढ!"

सुनिल्दा : म्हणजे "ए जा उडत, रस्सा वाढ!" अरे देवा... नको, हसवू नकोस मला. मला अजून रागवायचंय.

एलिएसेर : रागव, पण आता करायचं काय ते सांग.

सुनिल्दा : करायचं ते आधी करायला हवं होतं. विनवणी. ज्याचं घर त्यानं स्वतः जायचं. दारात टोपी काढायची, आपल्या सफरचंदांच्या दारूचा, चिचेचा पेला पुढे करायचा आणि म्हणायचं, विनवायला आलेय. त्यानं पेला रिकामा केला की झालं. मग त्याला ताप असो, घरात लग्न असो, तो येणार. बैल असले तर बैल घेऊन, नसले तर दोर घेऊन.

एलिएसेर : आणि नाही प्यायला तर?

सुनिल्दा : पीत कसा नाही! चिचा चांगली असते माझी.

एलिएसेर : म्हणजे सगळ्या घरांत जायचं? तीसएक घरं आहेत बेटावर.

सुनिल्दा : एकतीस. आणि प्रत्येक घरात काही तरी खावं लागेल.

एलिएसेर : मग आधी ओलेगारियोकाकांकडेच जाऊ या. सगळ्यांत दांडगे बैल त्यांचे, आणि घर न्यायचं तेही त्यांच्याच कुरणातून. ते हो म्हणाले की—

सुनिल्दा : त्याच्याकडे नाही जायचं.

एलिएसेर : का?

सुनिल्दा : बैल म्हातारे झालेत त्याचे.

एलिएसेर : काल बघितले मी. नुसते डोंगर आहेत.

सुनिल्दा : एलिएसेर, तुझ्या बापाची टोपी शोध. तुझी ती अर्जेंटिनाची टोपी घालून कुणाच्या दारात उभा राहू नकोस.

\*

एलिएसेर : एकोणीस घरं झाली, आई. दोन दिवसांत एकोणीस घरांत बटाट्याची भाकरी खाल्ली. आता कुणी नुसता बटाटा दाखवला तरी मी समुद्रात उडी टाकीन.

सुनिल्दा : भाकरीला नावं ठेवू नकोस. लोकांनी तुला माफ केलं, ते बघ.

एलिएसेर : माफ केलं, पण येतो कुठे म्हणाले? पेला हातात घेतात, ओठांपाशी नेतात आणि विचारतात, "ओलेगारियो येतोय ना?" आपण गप्प बसलो की पेला जसाच्या तसा खाली. एकोणीस घरांत एकोणीस पेले भरलेलेच राहिले. शेवटी ते मीच प्यायलो, वाया जाऊ नयेत म्हणून.

सुनिल्दा : तरीच वाटेत कुंपणाला नमस्कार करत होतास.

एलिएसेर : आणि आता तू मला कुठे आणलंस? हे फाटक तर त्यांचंच.

सुनिल्दा : ठाऊक आहे मला कुणाचं ते. बावीस वर्षं याला वळसा घालून चर्चला जातेय. टोपी काढ.

ओलेगारियो : कुत्र्याला घाबरू नका, दात नाहीत त्याला! कोण आहे फाटकाशी? ओहो! रेडिओवाले!

एलिएसेर : काका, मी एलिएसेर.

ओलेगारियो : ओळखलं. बाप्तिस्म्याच्या दिवशी मीच धरला होता तुला. माझ्या एकुलत्या एक कोटावर मुतला होतास. या, सुनिल्दाबाई. बसा त्या ओंडक्यावर. खुर्ची आहे, पण तिच्यात कोंबडी अंड्यांवर बसलीय, तिला उठवता येत नाही.

सुनिल्दा : मी बसायला नाही आले, ओलेगारियो.

ओलेगारियो : ते दिसलंच. हातात सुरई आहे. घाई नाही माझ्याकडे. मी आपलं हे जू तासत राहतो, तुम्ही सावकाश बोला.

एलिएसेर : आई?

ओलेगारियो : तिला दम खाऊ दे. तोवर तू सांग. बावीस वर्षं परमुलखात काढलीस म्हणून मिंगा म्हणजे काय तेच विसरलास होय? तिन्ही दिवस ऐकलं मी ते. मला वाटलं बॅटरी उतरलीय, म्हणून त्या बाई असं बोलतायत.

एलिएसेर : विसरलो नाही, काका. उलट तिकडे ज्याला त्याला तेच विचारत सुटलो. कातरणीला कुठनं कुठनं माणसं येतात. एक बोलिव्हियाचा होता, फेलिसियानो नावाचा. त्याची आजी डोंगरातली. तिच्या बोलीत "मिंका" म्हणतात. म्हणजे कुणाला तरी गळ घालून आपल्या कामाला आणायचं, आणि आल्यावर पोट फुटेस्तोवर खाऊ घालायचं.

ओलेगारियो : बाई शहाणी होती.

एलिएसेर : मूळ शब्द तिकडचा, इंकांच्या भाषेतला. आपल्याकडे पोचला तो बहुतेक स्पॅनिश लोकांच्या जहाजांतून.

ओलेगारियो : पोचला? माझी आजी म्हणायची, शब्द इथलाच, आपल्या चिलोए बेटांच्या चिखलातला. इंका तिच्या अंगणात येऊन आमचा-आमचा करायला लागले असते, तर तिनं त्यांच्या हातात कुदळी दिल्या असत्या. बटाटे काढा म्हणाली असती, मग बोलू.

एलिएसेर : एक्वादोरचा एक होता, तो म्हणे, आमच्याकडे मिंगा म्हणजे पाटातला गाळ काढणं. गावातला एकही माणूस घरात राहिलेला चालत नाही. आणि एक कोलंबियाचा होता. त्याच्याकडे मिंगा म्हणजे मोर्चा! डोंगरातली हजारो माणसं काठ्या आणि झेंडे घेऊन उतरतात आणि चालत राजधानीला जातात. सरकारला जाब विचारायला.

ओलेगारियो : आणि हलतं का सरकार?

एलिएसेर : थोडंसं.

ओलेगारियो : बैल कमी पडत असतील.

एलिएसेर : आणि अर्जेंटिनात तर—

सुनिल्दा : पुरे! शब्दाची सोयरीक जमवायला आलोय का आपण? ओलेगारियो, माझ्या नवऱ्यानं तुमचा पेला रिकामा केला होता.

ओलेगारियो : हो. माझ्या डोळ्यांदेखत. वर म्हणाला, आणखी आहे का.

सुनिल्दा : आणि तुमच्या मिंगेला आला नाही.

ओलेगारियो : बावीस वर्षं वाट बघतोय मी, कुणी तरी हे तोंडानं बोलेल म्हणून. बोला पुढे.

सुनिल्दा : पुढे काय बोलू? बैल नव्हते त्याच्याकडे.

ओलेगारियो : बैल होते. तांबडी जोडी. बेटावर तशी दुसरी नव्हती. मिंगेच्या आठवड्यात गोठ्यातनं गायब झाली. मला लोक म्हणाले, रुपेर्तोनं तुला द्यायला नकोत म्हणून पलीकडच्या बेटावर नेऊन ठेवली. मी म्हटलं, असं करणार नाही तो. मग त्या दिवशी तो आला नाही, तेव्हा म्हटलं, करतो वाटतं.

सुनिल्दा : विकली. पेला घेतल्यावर चार दिवसांनी. या पोराला अर्जेंटिनाला धाडायचं होतं. बोट, गाडी, बूट, कोट, सगळं त्यातनं झालं.

एलिएसेर : काय? बाबा तर म्हणाले, सगळं मामानं दिलं.

सुनिल्दा : मामानं तुला एक पट्टा दिला होता. तोही पुढे पत्र घालून परत मागितला.

एलिएसेर : आई, मी दर नाताळाला मामाला भेटकार्ड पाठवतो.

सुनिल्दा : पाठव की. त्याला बरं वाटतं.

ओलेगारियो : थांब रे जरा. सुनिल्दाबाई, बैल विकले, हे मला का नाही सांगितलंत?

सुनिल्दा : तो सांगू देईना. जोडी घेऊन येतो म्हणून पेला रिचवला आणि आता मोकळ्या हातांनी कसा जाऊ, म्हणाला. मी सांगितलं, जा, दोर तरी ओढ. नाही म्हणाला. पोराला कळलं तर पोर बोटीतून परत येईल, हीही भीती. आणि एकदा नाही गेलं, की दुसऱ्या दिवशी जाऊन काय सांगणार? मग महिना गेला, मग वर्ष गेलं. मग तोच गेला. आणि मी फाटकाला वळसा घालत राहिले.

ओलेगारियो : बैल! मला बैल हवे होते? अठरा जोड्या उभ्या होत्या त्या दिवशी माझ्या दारात! मला रुपेर्तो हवा होता. अरे पोरा, तुला आठवतो का तुझा बाप मिंगेत?

एलिएसेर : छपरावर. हातात झेंडा घेऊन.

ओलेगारियो : छपरावर! त्यानं वरून एकदा हाळी दिली की अठराच्या अठरा जोड्या एका वेळी पाय उचलायच्या. दुसरा कुणी ओरडला की एक जोडी पुढे, दोन मागे, घर आपलं मधल्या मध्ये करकरतंय. मी दोन तास मिंगा थांबवून ठेवली. बैल उन्हात. लोक म्हणाले, ओढ आता. मी म्हटलं, येईल, पेला घेतलाय त्यानं. शेवटी माझा मेहुणा चढला छपरावर. त्याचा आवाज म्हणजे बोक्याचा. घर तिरकं बसलं माझं. ते बघा! आजही अंडं ठेवलं की घरंगळत पार बिछान्याखाली जातं.

सुनिल्दा : ओरडत होता तो.

ओलेगारियो : कोण?

सुनिल्दा : रुपेर्तो. त्या दिवशी. पहाटेच उठून त्या मागच्या जंगलात जाऊन बसला होता. तिथनं तुमच्या बैलांच्या घंटा ऐकू येत होत्या. संध्याकाळी घरी आला तेव्हा घशातनं शब्द फुटेना. मी विचारलं, काय झालं? खुणेनं सांगितलं. दिवसभर झाडांत बसून तुमच्या बैलांना हाळ्या देत होता. एकटाच.

ओलेगारियो : झाडांत बसून?

सुनिल्दा : झाडांत बसून. मधाचं गरम पाणी देत होते मी त्याला तीन दिवस.

ओलेगारियो : वारा उलटा होता त्या दिवशी. समुद्रावरनं होता... नाही तर ऐकू आलं असतं मला. अरे गाढवा रुपेर्तो! अरे महागाढवा! झाडांना ओढत बसला!

एलिएसेर : काका, तुम्ही रडताय की हसताय?

ओलेगारियो : मला काय विचारतोस, तुझ्या आईला विचार, तीही तेच करतेय. अगं सुनिल्दा, एवढं सांगायला बावीस वर्षं लागली तुला?

सुनिल्दा : तू तरी कुठे आलास विचारायला? चर्चमध्ये तीन बाकं पुढे बसायचास, मान ताठ करून. तुझी मानगूट पाठ झालीय मला.

ओलेगारियो : आण तो पेला. पण नीट विनव. रीतीनं.

सुनिल्दा : ओलेगारियो चिग्वाय, विनवायला आलेय. माझं घर समुद्राच्या तोंडाशी आलंय. शनिवारी ओढायचंय. तुझे बैल हवेत, तुझं कुरण हवंय, आणि तू हवास.

ओलेगारियो : आंबट आहे चिचा.

सुनिल्दा : तुझ्याच झाडाची सफरचंदं आहेत. फांदी माझ्या वाटेवर येते.

ओलेगारियो : बावीस वर्षं चोरलीस?

सुनिल्दा : वळसा फुकट घालायचा की काय?

ओलेगारियो : ओत आणखी. आणि ऐक, माझीही एक अट आहे. छपरावर हा चढेल.

एलिएसेर : मी? काका, मी स्वयंपाकी आहे! मला बैलांची भाषा येत नाही. मला फक्त "जेवण तयार आहे" असं ओरडता येतं.

ओलेगारियो : किती माणसांना ऐकू जातं ते?

एलिएसेर : साठेक. वाऱ्यात.

ओलेगारियो : मग झालं तर.

\*

(शनिवार, दुपार. ओलेगारियोचं कुरण. घर ओंडक्यांवर उभं आहे, पुढे चौदा जोड्या. खिडक्यांच्या चौकटी, चूल आणि पलंग मागे गवतात. छपरावर झेंडा घेऊन एलिएसेर.)

एलिएसेर : काका! सगळे तयार आहेत का?

ओलेगारियो : सकाळपासून तयारच आहेत! अर्ध्या कुरणात येऊन रुतलोय, त्याला तास झाला! ओरड!

एलिएसेर : चला हं! सगळ्यांनी मिळून! एक, दोन—

ओलेगारियो : अरे, हे काय, शाळेची सहल आहे? बघ, बिशपनं पाय उचलला आणि नोटरी अजून रवंथच करतोय!

सुनिल्दा : बिशप कुठला आणि नोटरी कुठला?

ओलेगारियो : माझ्या जोडीतला डावा बैल बिशप, उजवा नोटरी. दोघंही आळशी, पण बिशपला ओरडलं की लाज वाटते. तू इथे काय करतेस? कुरांतोच्या खड्ड्यावर कोण आहे?

सुनिल्दा : बायका आहेत की. शिंपले घातले, डुकराचं मांस घातलं, वर पानं आणि ढेकळं रचून झाली. आता ते आपलं आपण वाफेवर शिजतं. माझं घर मात्र आपलं आपण चालत नाही. काय रे एलिएसेर, काय झालं?

एलिएसेर : जमीन ओली आहे! पुढचे ओंडके रुतलेत! आणि आई, घरात कुणी तरी आहे! खालून गाण्याचा आवाज येतोय!

सुनिल्दा : नोल्बेर्तो आहे! पाय दुखतो म्हणून आत बसला! मीच बसू दिलं!

ओलेगारियो : अगं, ओढायला माणसं कमी, आणि हा आत बसून वजन वाढवतोय? ए नोल्बेर्तो! उतर खाली! आणि पोरा, तू ऐक. जोर कर.

एलिएसेर : बैलांनो, कृपा करून जरा—

ओलेगारियो : विनवणी झाली रे आपली! दारोदार झाली! आता विनवू नकोस, ओरड!

एलिएसेर : काय ओरडू पण?

ओलेगारियो : काहीही! तिकडे परमुलखात ओरडायचास ते ओरड!

एलिएसेर : मिंगाऽऽऽ!

ओलेगारियो : आणखी!

एलिएसेर : हो-हो-होऽऽऽ! मिंगाऽऽऽ! चला रे बिशपऽऽऽ! होऽऽऽ!

सुनिल्दा : हललं! ओलेगारियो, हललं गं बाई!

ओलेगारियो : थांबू नका! दोर ताणा! मागच्यांनो, ओंडका पुढे आणा, पुढे! ओरडत राहा रे! असाच! हा असाच!

एलिएसेर : होऽऽऽ! चौदाच्या चौदा! होऽऽऽ!

सुनिल्दा : ऐकलंस?

ओलेगारियो : ऐकतोय.

सुनिल्दा : डोळे मिटून ऐक.

ओलेगारियो : डोळे मिटले तर बैल माझ्या अंगावरून जातील, सुनिल्दा. ऐकलं मी. पहिल्याच हाळीला ऐकलं. आत्ता बोलू नकोस माझ्याशी.

एलिएसेर : आई! कडा मागे पडला! इथून नुसता समुद्र दिसतोय, कडा दिसतच नाही!

सुनिल्दा : पुढे बघ! मागे काय बघतोस!

एलिएसेर : काका! त्या दिवशी तुम्ही सांगितलंच नाहीत! मिंगा म्हणजे काय ते!

ओलेगारियो : अरे, चौदा जोड्या ओढतायत, आणि तुला आत्ता अर्थ पाहिजे? ओरड!

एलिएसेर : होऽऽऽ! मिंगाऽऽऽ!

सुनिल्दा : घर चाललंय बघ कसं. लग्नाला निघालेल्या जाड्या बाईसारखं. सावकाश रे! कपाटाच्या मागे माझी मदर मेरी आहे, तिला काढायला विसरले!

ओलेगारियो : ती आत नाचत असेल नोल्बेर्तोबरोबर, तो कुठे उतरलाय! फाटकाचे खांब काढले ना? काढले. या, या, या... डावीकडच्या जोड्या जरा दाबा. बिशपला आत घ्या. आणखी दहा हात. पाच. थांबा! थांबाऽऽ! दोर ढिले करा! पोचलं!

एलिएसेर : पोचलं?

ओलेगारियो : पोचलं! एक फळीसुद्धा निसटली नाही!

सुनिल्दा : एलिएसेर, हात हलव, सगळे टोप्या उडवतायत तुझ्याकडे बघून! अरे, बोल काही तरी!

एलिएसेर : आवाज गेला.

सुनिल्दा : काय?

ओलेगारियो : आवाज गेला म्हणतोय. मध घाल म्हणावं गरम पाण्यात. सुनिल्दा, अशी इकडे ये, या बाजूनं बघ. सरळ आहे की नाही?

सुनिल्दा : सरळ आहे. अंडं ठेव कुठेही.

ओलेगारियो : आता एक विचारायचं राहिलं, मग ओंडके काढतो. दार कुणीकडे? समुद्राकडे ठेवायचं ना, होतं तसं? आहे ते त्याच बाजूला आहे.

सुनिल्दा : तो धूर कुठला?

ओलेगारियो : कुठला म्हणजे? माझ्या स्वयंपाकघराचा.

सुनिल्दा : तू सकाळी उठून चहासाठी आधण ठेवलंस, की धूर निघतो?

ओलेगारियो : मग काय, चूल पेटल्याशिवाय आधण येतं होय? पण हे बघ, दार तिकडे करायचं म्हटलं तर अख्खं घर फिरवावं लागेल. बैलांना फेस आलाय, माणसांचा जीव कुरांतोत अडकलाय, हा छपरावर मुका झालाय.

सुनिल्दा : समुद्र पुष्कळ बघितला मी, ओलेगारियो.

एलिएसेर : आई, मी... उतरू?

ओलेगारियो : उतरू नकोस रे. आणि जोड्या सोडू नका कुणी. अजून थोडं काम आहे.